'सोंगाड्या' : हास्यामागील कलावंत

नंदुरबार जिल्ह्यात आदिवासी लोकनाट्य सादर करणाऱ्या मंडळींना 'सोंगाड्या पार्टी' असे संबोधले जाते. संपूर्ण फडाला विनोदी पात्राचे नाव मिळावे, यातून लोकमानसातील त्याचे स्थान स्पष्ट होते. तमाशातही बतावणी व वग सोंगाड्याच्या हजरजबाबीपणावर रंगतात. परंतु त्याला प्रतिष्ठा मात्र क्वचितच लाभते.

वसंत सबनीस लिखित व गोविंद कुलकर्णी दिग्दर्शित 'सोंगाड्या' (१९७१) या चित्रपटाने याच पात्रास नायकपद दिले. दादा कोंडके यांनी साकारलेला भोळा नाम्या तमाशाच्या ओढीपायी आईचा रोष ओढवून घेतो, घराला पारखा होतो आणि कलावतीच्या (उषा चव्हाण) फडात सोंगाड्या म्हणून उभा राहतो. खटकेबाज संवाद व राम कदम यांचे संगीत यांमुळे कथा हलकीफुलकी राहते. तथापि, आईच्या विरोधातून समाजाचीच दृष्टी व्यक्त होते. फडासमोर पोट धरून हसणारा समाज आपल्या घरातील मुलाने मात्र फडात उभे राहू नये, अशी अपेक्षा बाळगतो. ही विसंगती उपदेशाविना, हसत-हसत प्रेक्षकांच्या पदरात टाकणे, हेच या चित्रपटाचे खरे सामर्थ्य होय.