कादंबरीवरचा चित्रपट तमिळमध्ये शोधताना

कादंबरी वाचणारे थोडे आणि तिच्यावरचा चित्रपट पाहणारे पुष्कळ, हे आपण सगळेच जाणतो. गावातल्या वाचनालयात जी कादंबरी वर्षानुवर्षे कपाटात बसून असते, तिचा चित्रपट निघाला की तीच गोष्ट घरोघर जाते. मग ती भाषेचे कुंपणही ओलांडते. आपल्या मुळशी तालुक्यात हा प्रश्न आता पूर्वीसारखा दूरचा राहिलेला नाही. हिंजवडीच्या संगणक कंपन्यांत आणि पिरंगुटच्या कारखान्यांत परप्रांतांतून माणसे कामाला आली, त्यांत तमिळ बोलणारी कुटुंबेही आहेत. अशा घरातले मूल आपल्या वर्गात बसलेले असले, तर एखादी गोष्ट त्याने आपल्या भाषेतही ऐकावी असे शिक्षकाला वाटणारच. मग सवाल येतो, की अमक्या कादंबरीवरचा चित्रपट तमिळमध्ये आहे का, आणि असला तर तो सापडावा कसा?

शोधायला निघण्याआधी एक गोष्ट समजून घेतली पाहिजे. चित्रपट दुसऱ्या भाषेत जातो तो तीन वाटांनी. पहिली वाट अशी, की एकच चित्रपट एकाच वेळी दोन भाषांत तयार करायचा. पुण्याच्या ‘प्रभात’ कंपनीने हेच केले. नारायण हरी आपटे यांच्या ‘न पटणारी गोष्ट’ या कादंबरीवरून १९३७ साली व्ही. शांताराम यांनी मराठीत ‘कुंकू’ काढला आणि हिंदीत ‘दुनिया न माने’. दक्षिणेतही तीच रीत होती. शरच्चंद्रांच्या ‘देवदास’ या बंगाली कादंबरीवरचा १९५३ सालचा नागेश्वरराव आणि सावित्री यांचा चित्रपट तेलुगू आणि तमिळ अशा दोन्ही भाषांत तयार झाला.

दुसरी वाट म्हणजे गोष्ट तीच, पण नट नवे आणि चित्रण नवे. नामक्कल रामलिंगम पिळ्ळै यांच्या तमिळ कादंबरीवर १९५४ साली ‘मलैक्कळ्ळन’ निघाला, त्यात एम. जी. रामचंद्रन होते. दुसऱ्याच वर्षी, म्हणजे १९५५ मध्ये, तीच गोष्ट दिलीपकुमार आणि मीनाकुमारी यांना घेऊन हिंदीत ‘आझाद’ नावाने आली. ‘आझाद’ पाहताना आपण मुळात एक तमिळ कादंबरी पाहत आहोत हे किती जणांच्या ध्यानात आले असेल?

तिसरी वाट डबिंगची. यात चित्र तेच राहते, फक्त आवाज बदलतो. १९४३ सालचा कन्नड ‘हरिश्चंद्र’ पुढच्या वर्षी तमिळमध्ये आला, तो आपल्या देशातला पहिला डब केलेला चित्रपट मानला जातो. यान मार्टेल यांची ‘लाइफ ऑफ पाय’ ही कादंबरी २००१ साली इंग्रजीत आली. तिचा नायक पुदुच्चेरीचा मुलगा. तिच्यावरचा २०१२ सालचा चित्रपटही मूळ इंग्रजीच, पण आपल्याकडे तो तमिळ, हिंदी आणि तेलुगूतही डब होऊन लागला. तमिळ मुलखातल्या पोराची गोष्ट इंग्रजीला वळसा घालून आपल्या भाषेत परत आली म्हणायची! उलट दिशेचे उदाहरण ‘पोन्नियिन सेल्वन’चे. कल्कींची ही तमिळ कादंबरी १९५० ते १९५४ या काळात साप्ताहिकातून क्रमशः आली. तिचे दोन चित्रपट २०२२ आणि २०२३ साली निघाले आणि हिंदी, तेलुगू, कन्नड, मल्याळम या भाषांत डब झाले.

डबिंग म्हणजे नुसते भाषांतर नव्हे. प, ब, म हे उच्चार करताना ओठ मिटतात. पडद्यावर ओठ मिटले आणि कानावर ‘आ’ आला, तर ते विजोड दिसते. म्हणून संवाद लिहिणारा अर्थाबरोबर ओठांचाही विचार करतो आणि वाक्य नटाचे तोंड बंद होण्याच्या आत संपवतो. त्यापायी मूळ कादंबरीतले वाक्य पुष्कळदा बदलते. शिक्षकांनी हे ध्यानात ठेवावे. डब केलेला संवाद हा लेखकाचा शब्द समजून मुलांना सांगू नये.

आता शोध कसा घ्यायचा ते पाहू. प्रथम कादंबरीचे नाव, लेखकाचे नाव आणि मूळ चित्रपटाचे नाव व साल कागदावर लिहून घ्यावे. कादंबरीचे आणि चित्रपटाचे नाव एकच असेल असे धरून चालू नये. ‘कुंकू’चे उदाहरण आताच दिले. नंतर लिपीची अडचण येते. तमिळमध्ये त, थ, द, ध यांना मिळून एकच अक्षर आहे. क-वर्गाचे आणि प-वर्गाचेही तसेच. त्यामुळे ‘देवदास’मधला ‘द’ आणि ‘सीता’मधला ‘त’ तिथे एकाच अक्षराने लिहितात. रोमन लिपीत तमिळ नावे लिहिताना ‘त’साठी टी-एच घालतात, आणि आपल्याला ‘ळ’सारखा वाटणारा त्यांचा एक खास उच्चार झेड-एच असा लिहितात. एका वळणाने नाव सापडले नाही, तर दुसऱ्या वळणाने लिहून पाहावे.

चित्रपट हाती आला, की तो कोणत्या वाटेने आला ते ओळखणे सोपे आहे. नट निराळे असतील, तर ती नवी निर्मिती. नट तेच आणि ओठ शब्दांशी जुळत असतील, तर बहुधा तो दोन भाषांत काढलेला. ओठ आणि शब्द यांचा मेळ बसत नसेल, तर डब केलेला. आरंभी दिसणाऱ्या सेन्सॉरच्या प्रमाणपत्रावर भाषा लिहिलेली असते, तीही वाचावी. मोबाइलवर किंवा दूरदर्शन संचावर पाहताना ‘तमिळ’ असे दिसले म्हणून हुरळून जाऊ नये. ती भाषा आवाजाची आहे की खाली उमटणाऱ्या अक्षरांची, हे आधी पाहावे. ज्या मुलाला अजून वाचता येत नाही, त्याला त्या अक्षरांचा काय उपयोग? आणखी असे, की प्रत्येक भाषेच्या प्रतीचे हक्क वेगवेगळे विकले जातात, म्हणून एका ठिकाणी नसलेली प्रत दुसरीकडे मिळू शकते.

जुन्या चित्रपटांच्या अभ्यासकाला तर फार लांब जायला नको. पौडचा रस्ता कोथरूडवरून पुण्यात शिरतो, तिथून जवळच लॉ कॉलेज रस्त्यावर १९६४ साली स्थापन झालेले राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय आहे. २०२२ साली ते राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाले. चोरून केलेली प्रत मात्र शाळेत आणू नये. रीतसर मिळवलेली प्रत शाळेच्या कामाचा भाग म्हणून विद्यार्थी, शिक्षक आणि पालक यांच्यापुरती दाखवायला १९५७ च्या कॉपीराइट कायद्याच्या ५२ व्या कलमाने मुभा दिली आहे.

आणि तमिळ चित्रपट नाहीच मिळाला तर? तर पुस्तकाकडे वळावे. वि. स. खांडेकर हे चित्रपटांसाठी कथा लिहिणारे आपले मोठे कादंबरीकार. का. श्री. श्री. या अनुवादकाने त्यांच्या कादंबऱ्या तमिळमध्ये नेल्या आणि तिथल्या वाचकांनी त्या आपल्या मानल्या. तमिळ शेजारी घरी आला आणि त्याला खांडेकरांचे नाव विचारले, तर कदाचित तोच आपल्याला त्यांच्याविषयी चार गोष्टी सांगेल. असा संवाद सुरू झाला, की शोधाचे निम्मे काम झाले असे समजावे.