शुक्रवारी, एक तारखेला

‘तुझे पैसे? शुक्रवारी, एक तारखेला देतो!’ शायर नावाच्या मुलखातले बुटके हॉबिट अशा थाटात थट्टा करतात, कारण त्यांच्या पंचांगात एक तारखेला शुक्रवार कधी येतच नाही. हे पंचांग रचले टोल्किन या इंग्रज प्राध्यापकाने. ते ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’च्या तिसऱ्या खंडाला (१९५५) परिशिष्ट म्हणून जोडलेले आहे. महिने १२, प्रत्येकी ३० दिवसांचे. उरलेले ५ दिवस महिन्यांबाहेर, सणांचे. त्यातल्या वर्षमध्याच्या दिवसाला वारच नाही! मग वारांचे दिवस राहिले ३६४, म्हणजे नेमके ५२ आठवडे. नवे वर्ष दर वेळी शनिवारीच. लीप वर्षातला जादा दिवसही बिनवाराचा.

बँकेत हयात गेलेल्या माणसाला याचा मोह पडतोच. ठेवीची मुदत रविवारी संपते का, हे भिंतीकडे न बघता सांगता येईल. (बिनवारी दिवशी बँक उघडी की बंद, ते हॉबिटांनाच ठाऊक.)

गंमत म्हणजे, हीच युक्ती वापरणारी ‘जागतिक दिनदर्शिका’ त्याच सुमारास भारताने संयुक्त राष्ट्रांपुढे मांडली होती. डॉ. मेघनाद साहा १९५४ मध्ये त्यासाठी जिनिव्हाला गेले. १९५५ मध्ये अमेरिकेने धार्मिक कारण देऊन नकार कळवला. वारांची साखळी तुटली की शब्बाथ दर वर्षी सरकणार. आपल्याकडे तिथीचा क्षय होतो, अधिक महिना येतो. वार मात्र कोणी गाळत नाही. शनिवार धरणाऱ्या आजीला ‘आज वारच नाही’ हे सांगणार कोण?