चहाच्या पेट्या आणि मोहॉकांची जमीन

मंडळी, पोरे पडद्यावरचे खेळ खेळू लागली की आपल्या कपाळाला आठ्या पडतात. पण त्यांतल्या एका खेळात इतिहासाचा चांगला धडा आहे. तो आज पाहू.

'असॅसिन्स क्रीड ३' हा खेळ युबिसॉफ्ट कंपनीने २०१२ साली काढला. सिनेमात नायकाकडे आपण नुसते बघतो. इथे त्याला आपणच चालवायचे, झाडावर चढवायचे, लढवायचे. काळ अमेरिकन स्वातंत्र्ययुद्धाचा. नायक कॉनर. बाप इंग्रज, आई मोहॉक. म्हणजे त्या भूमीच्या मूळ रहिवाशांपैकी. खेळात त्याचे गावकरी मोहॉक भाषाच बोलतात.

१६ डिसेंबर १७७३ च्या रात्री बोस्टन बंदरात वसाहतवाल्यांनी चहाच्या ३४२ पेट्या पाण्यात फेकल्या. चहा ईस्ट इंडिया कंपनीचा. हो, तीच कंपनी, जिचे ठाणे तेव्हा आपल्या मुंबईस होते! आमचे प्रतिनिधी पार्लमेंटात नाहीत, मग कर का द्यावा, हा त्यांचा सवाल. गंमत अशी, की त्यांतल्या अनेकांनी तोंडाला काजळी फासून मोहॉकांचे सोंग घेतले होते. खेळात मात्र त्या जहाजावर खराखुरा मोहॉक उभा आहे.

सोंग घेणाऱ्यांना स्वातंत्र्य मिळाले. ज्यांचे सोंग घेतले, त्यांचे काय झाले?

खेळातला कॉनर बंडवाल्यांच्या बाजूने लढतो. प्रत्यक्षात बहुतेक मोहॉक इंग्रजांच्या बाजूला गेले. वसाहतवाले जमीन गिळतील ही त्यांना धास्ती. १७७९ मध्ये वॉशिंग्टनच्या हुकमाने फौजेने मोहॉकांच्या भाऊबंद जमातींची सुमारे चाळीस गावे जाळली. उभा मका आणि फळझाडेही सोडली नाहीत. शेतकऱ्याला याचा अर्थ सांगायला नको. १७८३ च्या तहात या लोकांविषयी एक अक्षर नव्हते.

खेळही हे लपवीत नाही. युद्ध जिंकून कॉनर गावी येतो, तो गाव ओसाड. जमीन नव्या सरकारने विकलेली. बंदरावर पाहावे तर गुलामांचा बाजार चालूच.

तेव्हा गुरुजी, मुलांनी हा खेळ खेळला असेल, तर नुसते रागावू नका. खेळात खरे किती आणि रचलेले किती, हे त्यांना पुस्तकाशी ताडून पाहू द्या. आणि एक प्रश्न जरूर विचारा : स्वातंत्र्य आले खरे, पण ते कोणाकोणाच्या दारापर्यंत पोचले?