गाडी दाराशी येण्याआधी

गेल्या महिन्यात शनिवारी रात्री भाच्याचा फोन आला. "मामा, उद्या सुट्टी आहे ना? गाडी बघायला जायचंय. तुम्ही चालवून बघा आणि काय ते सांगा."

आमच्या घरात आजवर कोणी चारचाकी घेतलेली नाही. आमची थोरली बहीण, जिला आम्ही आक्का म्हणतो, शाळेत शिपाई म्हणून नोकरी करून निवृत्त झाली. भाचा चाकणच्या एका कारखान्यात आहे. भाचेसून घरी शिवणकाम करते. नात चौथीत आहे. राहायला पिंपरीत, गाव पारनेर तालुक्यात. वर्षातून चार-पाच वेळा गावी जाणे होते. आक्काचे गुडघे दुखतात, त्यामुळे एस.टी.ची पायरी तिला आता चढवत नाही. तेव्हा गाडीचा विचार हा निव्वळ हौसेचा नव्हता. पण पैशांची जुळवाजुळव ऐकल्यावर आम्ही थोडे थबकलो. गाडी अकरा लाखांना पडणार होती. भाच्याचे साठलेले एक लाख, आक्काच्या ग्रॅच्युइटीतले दोन लाख आणि बाकी आठ लाखांचे कर्ज सात वर्षांसाठी.

वस्तीतल्या मंडळाची रुग्णवाहिका आम्ही कितीतरी वर्षे चालवतो. स्टिअरिंगची सवय तिथली, हिशेबाची सवय कचेरीतली. या दोन्ही सवयी घेऊन आम्ही रविवारी शोरूममध्ये गेलो. तिथे जे पाहिले आणि शिकलो, ते वाचकांच्या उपयोगी पडेल म्हणून लिहीत आहोत.

जीपसारखी दिसते, पण जीप नव्हे

भाच्याच्या मनात टाटांची नेक्सॉन होती. ही गाडी 2017 च्या सप्टेंबरमध्ये बाजारात आली, आणि 2023 च्या सप्टेंबरमध्ये तिचे रूप पालटले. ती तयार होते आपल्याच जिल्ह्यात, रांजणगावला. आक्काच्या गावाची वाट त्याच रांजणगावावरून जाते.

अशा गाड्यांना कॉम्पॅक्ट एसयूव्ही किंवा क्रॉसओव्हर म्हणतात. नावाने फसू नये. खऱ्या जीपगाडीला खाली शिडीसारखी लोखंडी चौकट असते आणि बहुधा चारही चाकांना जोर मिळतो. क्रॉसओव्हरची बांधणी साध्या मोटारीचीच, सांगाडा आणि अंग एकच. फक्त ती जमिनीपासून उंच ठेवलेली आणि बसण्याची जागाही उंच. नेक्सॉनमध्ये इंजिनाचा जोर पुढच्या दोन चाकांनाच जातो. म्हणजे खड्डे, गतिरोधक आणि गावचा कच्चा रस्ता ती पार करील, पण ओढ्यातल्या चिखलात घालण्याची ती गाडी नव्हे.

तिच्या मापातही एक गंमत आहे. लांबी 3,995 मिलिमीटर, म्हणजे चार मीटरला पाच मिलिमीटर कमी. पेट्रोल इंजिन 1,199 सी.सी. आणि डिझेल 1,497. हे आकडे योगायोगाचे नाहीत. 2006 च्या अर्थसंकल्पात चार मीटरपर्यंत लांबीच्या आणि पेट्रोलला 1,200, डिझेलला 1,500 सी.सी.पर्यंत इंजिन असलेल्या छोट्या मोटारींवरचे उत्पादन शुल्क 24 टक्क्यांवरून 16 टक्क्यांवर आणले गेले. तेव्हापासून कंपन्या या रेषेच्या आत बसतील अशाच गाड्या कापू-शिवू लागल्या. पुढे जी.एस.टी. आला तरी ही रेषा टिकली. 22 सप्टेंबर 2025 पासून या रेषेच्या आतल्या मोटारींवर 18 टक्के कर लागू झाला, तर तिच्या बाहेरच्या मोठ्या पेट्रोल-डिझेल गाड्यांवर 40 टक्के. करकपातीनंतर नेक्सॉनची सुरुवातीची शोरूम किंमत साडेसात लाखांच्या आत आली. भाच्याची इच्छा जागी झाली ती त्या बातमीनेच.

दहा मिनिटांची फेरी

शोरूममधला विक्रेता मुलगा चांगला होता. तोही नोकरदारच. महिन्याला इतक्या गाड्या विकल्या पाहिजेत, अशी टांगती तलवार त्याच्याही डोक्यावर असणार. त्याने भाच्याला चालवायला बसवले, स्वतः शेजारी बसला आणि आम्हाला मागे बसवले. गुळगुळीत रस्त्यावरून तीन किलोमीटरची फेरी झाली. गार हवा, मोठा पडदा, गाणी. भाचा उतरला तेव्हा त्याचा चेहरा फुलला होता. "मामा, घेऊनच टाकू!"

आम्ही त्या मुलाला म्हटले, "दादा, रस्ता तुमचा झाला. आता आमच्या रस्त्याने एक फेरी होऊ द्या." त्याने आत जाऊन साहेबांना विचारले आणि परवानगी आणली. या वेळी गाडी आम्ही घेतली. तो मुलगा पुढे, मागे आक्का, भाचेसून आणि मध्ये नात. भाच्याला चहा घेत बसायला सांगितले, कारण गाडी एकदा मनात भरली की माणसाला तिच्यातले उणे दिसत नाही.

नाशिक रस्त्याच्या गर्दीत पहिल्या-दुसऱ्या गिअरवर गाडी चालवली. क्लच दर मिनिटाला दाबावा लागतो. रोज असे तासभर करणे डाव्या पायाला जमेल का, हे तिथेच कळते. मग वस्तीतल्या रस्त्याला लागलो. गतिरोधक मुद्दाम एकदा सावकाश आणि एकदा किंचित वेगाने घेतला. जमिनीपासूनची 208 मिलिमीटर उंची इथे कामी आली, तळ कुठे घासला नाही. पण ही उंची रिकाम्या गाडीची. पाच माणसे आणि सामान चढले की ती कमी होते. म्हणून चाचणीला भरली गाडीच न्यावी. पेट्रोलचे इंजिन सुमारे 120 अश्वशक्तीचे, टर्बो बसवलेले. चढावर चारचौघांना घेऊन ते कुरकुरले नाही.

आजच्या मजबूत गाड्यांचे काचेलगतचे पुढचे खांब जाड असतात. ताकदीसाठी ते लागतातच, पण वळणावर त्यांच्या आड दुचाकीवाला लपू शकतो. त्यामुळे वळताना मान थोडी पुढे काढून बघण्याची सवय लावावी लागते. शेवटी भाच्याच्या इमारतीत नेऊन, जिथे गाडी रोज उभी राहणार त्याच जागेत ती मागे घेऊन लावली. जागेत बसली, पण एका बाजूचे दार अर्धेच उघडले. हे घेण्याआधी कळले, ते बरे.

मागच्या आसनावरची परीक्षा

गाडीची खरी परीक्षक आक्का होती. तिला आम्ही तीन वेळा बसायला आणि उतरायला लावले. ठेंगण्या मोटारीत ती बसते तेव्हा उठताना कोणाचा तरी हात लागतो. जीपगाडीत चढताना लुगड्याचा घोळ आवरत पायरी शोधावी लागते. इथे आसन तिच्या कमरेच्या उंचीला होते. वर चढावे लागले नाही, खाली वाकावेही लागले नाही. आक्का म्हणाली, "खाटेवर बसल्यावानी बसले." सगळ्या माहितीपुस्तकात नसलेली गोष्ट तिने एका वाक्यात सांगितली. घरात वयस्क माणूस असेल तर क्रॉसओव्हर घेण्याचे सर्वांत सबळ कारण हेच आहे.

मात्र मागे तीन मोठी माणसे बसली की खांद्याला खांदा लागतो. चार मीटरच्या आतल्या सगळ्याच गाड्यांची ही गोष्ट आहे, लांबीला लगाम घातला की कुठेतरी जागा कमी होणारच. दोन मोठे आणि एक मूल असेल तर चार-पाच तासांचा प्रवास सुखाने होईल. सामानाची जागा 382 लिटरची आहे. दोन मोठ्या बॅगा बसतील आणि गावाहून येणारे बाजरीचे गाठोडेही.

तारे आणि पट्टे

नातीला छताची उघडणारी काच फार आवडली. "आजी, मी त्यातून उभी राहणार!" रुग्णवाहिका चालवणाऱ्या माणसाला हे वाक्य ऐकवत नाही. करकचून ब्रेक लागला की आत बसलेले मूलही पुढे फेकले जाते, मग अर्धे बाहेर असलेल्या मुलाचे काय होईल? ती काच हवा आणि उजेड यांसाठी आहे, उभे राहण्यासाठी नाही. आणि तिच्यासाठी पैसे जास्तीचे मोजावे लागतात.

त्यापेक्षा महत्त्वाची गोष्ट तारे. 2018 च्या डिसेंबरमध्ये ग्लोबल एनकॅप या संस्थेच्या धडक चाचणीत नेक्सॉनला प्रौढांच्या सुरक्षेसाठी पाच तारे मिळाले. भारतात तयार झालेल्या गाड्यांत हा मान मिळवणारी ती पहिलीच. ऑक्टोबर 2023 पासून आपल्या देशाची भारत एनकॅप चाचणी सुरू झाली. तिथेही 2024 मध्ये तिला पाच तारे मिळाले. नव्या रूपात सहा एअरबॅग सर्व प्रकारांत आहेत, अगदी कमी किमतीच्या प्रकारातही. म्हणजे जीव वाचवण्याच्या या सामानासाठी महागडा प्रकार घ्यायची गरज नाही.

पण हे तारे कसे मिळतात, हेही समजून घ्यावे. समोरून धडकेच्या चाचणीत गाडी ताशी 64 किलोमीटर वेगाने अडथळ्यावर आदळवतात. आतल्या पुतळ्यांना पट्टे बांधलेले असतात. पट्टा माणसाला जागेवर धरतो आणि एअरबॅग त्याला झेलते. दोन्ही मिळून काम करतात. पट्टा न लावणाऱ्याच्या वाट्याला ते पाच तारे येत नाहीत. वेगाचेही तसेच. वेग 40 वरून 80 झाला की धडकेचा जोर दुप्पट नव्हे, चौपट होतो.

मागे बसणाऱ्यांनाही पट्टा कायद्याने सक्तीचा आहे, न लावल्यास हजार रुपये दंड आहे. 2022 च्या सप्टेंबरमध्ये पालघर जिल्ह्यात उद्योगपती सायरस मिस्त्री यांचा मोटार अपघातात मृत्यू झाला. ते मागच्या आसनावर होते आणि त्यांनी पट्टा लावलेला नव्हता, हे तपासात पुढे आले. गाडी महागड्यांतली महागडी होती. पट्ट्याचे काम पैसा करीत नाही. मूल मांडीवर घेऊन पुढे बसणे तर कोणीही करू नये.

कागदावरचा हिशेब

संध्याकाळी घरी आलो आणि वही काढली. भाच्याच्या हातात महिन्याला पंचेचाळीस हजार येतात.

आठ लाखांचे कर्ज, 9 टक्के व्याज, सात वर्षे. हप्ता 12,871 रुपये. सात वर्षांत व्याजच सुमारे 2 लाख 81 हजार. रोज गाडीने कामावर गेला तर महिन्याला 600 किलोमीटर. गर्दीत लिटरला 12 किलोमीटर आणि पेट्रोल शंभर रुपये धरले तरी पाच हजार. विम्याचे वर्षाला तीस हजार धरले, म्हणजे महिन्याचे अडीच हजार. देखभाल, टायर आणि टोल मिळून दीड हजार. एकूण 21,871. पगाराचा जवळजवळ अर्धा भाग.

शोरूमची किंमत आणि रस्त्यावर येणारी किंमत यांतला फरकही लिहिला. महाराष्ट्रात दहा लाखांच्या आतल्या पेट्रोल मोटारीला 11 टक्के एकरकमी वाहन कर लागतो. सप्टेंबर 2018 पासून नव्या मोटारीला त्रयस्थ पक्षाचा विमा एकदम तीन वर्षांचा घ्यावा लागतो. मात्र विमा शोरूममधूनच घ्यावा अशी सक्ती नसते. बाहेर दोन ठिकाणी विचारून घ्यावे.

मग दुसरे पान लिहिले. उघडत्या काचेचा सोस सोडला आणि सुरुवातीचा प्रकार घेतला तर गाडी साडेआठ लाखांच्या आसपास रस्त्यावर येते. कर्ज पाच लाख, मुदत पाच वर्षे. हप्ता 10,379 आणि एकूण व्याज सुमारे 1 लाख 23 हजार. व्याजातच दीड लाखाहून अधिक वाचले. कामावर कंपनीच्या बसनेच जायचे, म्हणजे पेट्रोल निम्म्यावर. मासिक खर्च सतरा हजारांच्या आत आला.

"पण साडेतीन लाख आणायचे कुठून?" भाच्याने विचारले.

"दहा महिने थांब," आम्ही म्हणालो. "गाडी आली आहे असे समज आणि दर महिन्याला पंधरा हजार बँकेत आवर्ती ठेवीत भर. दीड लाख होतील. त्या दहा महिन्यांत घरात ओढाताण झाली, तर गाडी परवडत नाही हे कर्ज न काढताच कळेल. आणि झाली नाही, तर निर्धास्त घे."

भाचा गप्प झाला. त्याच्या मनात काय चालले होते ते आम्हाला समजत होते. आईला गाडीतून गावी न्यावे, चावडीसमोर तिने दिमाखात उतरावे, हे त्याचे लहानपणापासूनचे स्वप्न. त्यात वावगे काही नाही.

शेवटी आक्काच बोलली. "मी एक लाख देईन, दोन नाही. उरलेले माझ्या दुखण्याखुपण्याला आणि पोरीच्या शाळेला. दहा महिन्यांनी गाव काही पळून जात नाही. एवढी वर्षं एस.टी.नं गेले."

भाच्याचे एक लाख, आक्काचे एक लाख आणि ठेवीचे दीड लाख. बेरीज जुळली.

परवा आक्काकडे गेलो होतो. गाडी अजून आलेली नाही. आवर्ती ठेवीचे पुस्तक मात्र आले आहे. दोन हप्ते भरले गेले आहेत. भाचेसुनेने ब्लाउजांची चार कामे जास्त घेतली आहेत. नात आमच्यासोबत रिक्षात बसली आणि इकडेतिकडे हात फिरवून म्हणाली, "मामाआजोबा, इथं पट्टा कुठंय?"