कसब मागे राहिले पाहिजे

शहापूर तालुक्यातील तरुण आसनगावहून पहाटेची लोकल पकडतो; मुरबाडचा तरुण एस.टी.ने कल्याण गाठतो. तानसा-भातसाच्या पाण्याप्रमाणे या तालुक्यांचे श्रमही मुंबईकडे वाहतात. त्या मोबदल्यात रोजंदारीखेरीज या तरुणांच्या हाती काही कसब पडते काय, हा खरा प्रश्न आहे. मुंबईच्याच मालाड उपनगरातील एका जुन्या उद्योगाचा इतिहास या संदर्भात उद्‌बोधक ठरावा.

म्युनिचचे छायाचित्रकार जोसेफ विर्शिंग १९२५ साली तेथील एमेल्का कंपनीच्या ‘प्रेम संन्यास’ या मूकपटासाठी प्रथम भारतात आले. पुढे हिमांशू राय व देविकाराणी यांनी १९३४ साली बॉम्बे टॉकीज स्थापन केली, तेव्हा दिग्दर्शक फ्रान्झ ओस्टेन यांच्यासमवेत तेही मालाडला आले. ‘अछूत कन्या’ (१९३६) या चित्रपटाचे छायाचित्रण त्यांचेच. प्रकाशाइतकेच सावलीलाही बोलके करण्याची जर्मन चित्रपटाची विद्या त्यांनी आपल्याबरोबर आणली होती.

१९३९ साली महायुद्ध पेटले. शत्रुराष्ट्राचे नागरिक म्हणून विर्शिंग यांना ब्रिटिश सरकारने स्थानबद्ध केले. परकीय तज्ज्ञांवर उभा राहिलेला उद्योग अशा वेळी कोलमडावयाचा. तसे घडले नाही. कारण त्या तज्ज्ञांच्या हाताखाली भारतीय तरुण तयार झाले होते. १९४३ चा ‘किस्मत’ आर. डी. परींजा यांनी चित्रित केला आणि तो कलकत्त्यात तीन वर्षांहून अधिक काळ चालला. युद्धानंतर विर्शिंग यांनी ‘महल’ (१९४९) चित्रित केला. ‘पाकीजा’ अपुरा असतानाच १९६७ साली मुंबईत त्यांचे निधन झाले. उरलेले काम इतरांनी पुरे केले आणि १९७२ साली तो पडद्यावर आला.

बाहेरून तज्ज्ञ आणण्यात कमीपणा नाही. तो गेल्यावर यंत्र बंद पडावे, यात मात्र आहे. मुरबाडला औद्योगिक वसाहत आहे, आसनगाव-वाशिंद पट्ट्यातही कारखाने आहेत आणि शिकाऊ उमेदवारांचा कायदा १९६१ पासून अस्तित्वात आहे. स्थानिक मुलांना कारखान्याच्या फाटकावरील पहारा आणि मालाची चढउतार एवढेच द्यावयाचे की यंत्रही शिकवावयाचे, हे कारखानदारांनी आणि शासनाने ठरवावयाचे आहे. मजुरी महिनाअखेर संपते; कसब जन्मभर पुरते.