रज्जुसर्पाचें भय

अध्यापनाच्या काळांत रज्जुसर्पन्याय मीं विद्यार्थ्यांस किती वेळां समजावून सांगितला, याची गणती नाहीं. अंधारांत पडलेली दोरी सर्पासारखी भासते. दिवा आणतांच भ्रम नाहींसा होतो आणि भयहि जातें. हें शिकवितांना, दोरीला भिणारा मनुष्य अज्ञानी, एवढेंच मी मुलांच्या मनावर ठसवीत असें. त्या मनुष्याच्या बाजूनेंहि कांहीं सांगण्यासारखें आहे, हें मला साठी उलटल्यावर, घरांतील एका दुखण्यामुळें कळलें.

आमचें एकत्र कुटुंब दिंडोरीस राहतें. द्राक्षांची बाग माझा पुतण्या पाहतो. कांहीं वर्षांपूर्वीं एका रात्रीं तो एकाएकीं दचकून उठला. छाती धडधडूं लागली, हातपाय गार पडले, दरदरून घाम सुटला, आणि आतां आपण वांचत नाहीं असें त्यास वाटलें. नाशिकास नेऊन तपासणी केली, तों हृदय निर्दोष. पंधरा दिवसांनीं पुन्हां तोच प्रकार. तेव्हां मीं वडीलकीच्या नात्यानें म्हटलें, "अरे, दोरीला काय भितोस? मन घट्ट कर." तो "बरं, काका" म्हणाला, आणि पुढें दोन वर्षें त्यानें आपलें दुखणें कोणास सांगितलें नाहीं. प्रवास, बाजार, लग्नकार्यें सर्व त्यानें टाळिलें. आम्ही त्यास माणूसघाणा म्हणूं लागलों. शेवटीं सूनबाईनें माझ्या पत्नीजवळ डोळ्यांस पदर लावला, तेव्हां खरा प्रकार उघड झाला. त्याच्याच संमतीनें ही हकीगत मी लिहीत आहें.

ज्या मनोविकारतज्ज्ञांकडे आम्ही गेलों, त्यांनीं त्यास प्रथमच सांगितलें कीं, "तुमचें मन दुबळें नाहीं, तुमच्या मनाचा राखणदार फार जागरूक झाला आहे." तें वाक्य माझ्या मनांत घर करून राहिलें, व मीं या विषयावरील ग्रंथ मिळवून वाचले.

उत्क्रांतिवादाचा प्रणेता चार्ल्स डार्विन यानें भावनांच्या आविष्कारावर १८७२ सालीं एक ग्रंथ लिहिला. त्यांत त्यानें स्वतःचाच एक अनुभव दिला आहे. लंडनच्या प्राणिसंग्रहालयांत एका विषारी सर्पाच्या पेटीच्या जाड कांचेस त्यानें तोंड लाविलें, आणि सर्प झेंपावला तरी मागें सरावयाचें नाहीं असा निश्चय केला. सर्प झेंपावला मात्र, आणि डार्विनसाहेब झटक्यांत मागें उडाले! कांच मध्यें आहे हें ज्ञान असूनहि निश्चय टिकला नाहीं. "मन घट्ट कर" या उपदेशाची मर्यादा याहून स्पष्ट कशी दिसावी?

असें कां व्हावें? अमेरिकेंतील वैद्य रँडॉल्फ नेसी यांनीं जॉर्ज विल्यम्स या जीवशास्त्रज्ञासह १९९४ सालीं, व पुढें २०१९ सालीं एकट्यानें, ग्रंथ लिहून याचें उत्तर मांडिलें. तें मी आपल्याकडील दाखल्यानें सांगतों. आमच्या तालुक्यांत बिबट्याचा वावर आहे. मळ्यांतील कुत्रा पान हाललें तरी भुंकतो, मांजर गेलें तरी भुंकतो. शंभरांत नव्याण्णव वेळां त्याचें भुंकणें व्यर्थ जातें. तरी शेतकरी तोच कुत्रा पाळतो. कारण व्यर्थ भुंकण्यानें झोंपमोड होते, पण एकदां न भुंकल्यास गोठ्यांतील वांसरूं जातें. सर्पाचेंहि तसेंच. २००० ते २०१९ या वीस वर्षांत आपल्या देशांत सर्पदंशानें सुमारें १२ लक्ष माणसें दगावलीं, असा संशोधकांचा अंदाज आहे. दोरीला सर्प समजून पळणाऱ्यास नुसता दम लागतो. सर्पाला दोरी समजणारा प्राणास मुकतो. अर्थात् भित्रे पूर्वज टिकले, आणि त्यांचेंच भय आपल्या रक्तांत उतरलें.

याला प्रयोगाचाहि आधार आहे. सुझन मिनेका व त्यांचे सहकारी यांनीं १९८० नंतरच्या दशकांत प्रयोगशाळेंत वाढलेल्या माकडांवर प्रयोग केले. त्या माकडांना सर्पाचें भय नव्हतें. परंतु दुसरें माकड सर्पाला भितांना पाहून तीं लवकरच भिऊं लागलीं. फुलाला भिणारें माकड चित्रपटांत दाखविलें, तर मात्र तीं फुलाला भ्यालीं नाहींत. कोणत्या वस्तूचें भय चटकन् शिकावयाचें, याचीहि तयारी जन्मतः असते असें यावरून दिसतें.

तथापि येथें एक सावधगिरी हवी. भय उपयुक्त आहे म्हणून भयाचा विकारहि उपयुक्त, असें कोणी समजूं नये. रात्रभर भुंकत राहून घरच्यांवरच धांवणारा कुत्रा आजारीच म्हणावयाचा. शिवाय ही उपपत्ति सर्व मनोविकारांस सारखी लागू पडत नाहीं. खिन्नतेविषयीं, ती माणसास निष्फळ खटपटींतून मागें ओढते, असा तर्क आहे. पण तो तर्कच. उन्माद किंवा छिन्नमनस्कता यांच्या बाबतींत तर पंडितांत एकवाक्यता नाहीं. आणि कारण समजलें म्हणजे रोग बरा झाला, असेंहि नव्हे. माझ्या पुतण्यास गुण आला तो औषधांनीं, आणि टाळलेल्या गोष्टींना थोडें थोडें करून पुन्हां सामोरें जाण्याच्या अभ्यासानें. आतां तो बाजारास एकटा जातो.

मग या उपपत्तीचा लाभ कोणता? माझ्या मतें तो एकच, पण मोठा आहे: तिनें लाज जाते. लाजेपायीं आमच्या घरांत दोन वर्षें फुकट गेलीं, आणि त्या लाजेचा कर्ता मी होतों. मानसिक आजारावर उपचार मिळणें हा २०१७ च्या कायद्यानें प्रत्येकाचा हक्क ठरविला आहे. १४४१६ या क्रमांकावर सरकारची 'टेलि-मानस' ही सेवा फोनवरून विनामूल्य सल्ला देते. परंतु घरांतील वडील मंडळी "मन घट्ट कर" म्हणून मोकळी झाली, तर हक्क कागदावर आणि क्रमांक भिंतीवरच राहावयाचा.

रज्जुसर्पन्याय मी आजहि शेजारच्या मुलांस शिकवितों. मात्र आतां त्यांत एका वाक्याची भर घालतों: अंधारांत भ्यालेल्या माणसास हंसूं नये, दिवा आणणें हें त्याचें नव्हे, घरांतील इतरांचें काम आहे.