दाण्यातील कीड आणि दातांतील कीड

गव्हाचा वा जोंधळ्याचा नमुना हाती आला की त्यातील चार दाणे दाढेखाली धरून फोडावयाचे, ही आमच्या धंद्यातील जुनी परीक्षा आहे. दाणा कट्ट असा वाजून फुटला तर माल सुका. चिवटपणे दबला तर त्यात ओल आहे व तो वखारीत टिकावयाचा नाही. बेळगावच्या रविवार पेठेत वडिलांच्या हाताखाली बसू लागलो तेव्हा ही विद्या आम्ही प्रथम शिकलो आणि पुढे तीस वर्षे तिच्याच जोरावर माल घेतला. आज पेढीवर ओलावा मोजण्याचे यंत्र आहे. ते आम्ही हौसेने घेतलेले नाही. दाणा फोडावयास आमच्या दाढाच शिल्लक राहिल्या नाहीत, म्हणून घ्यावे लागले.

स्मरणिकेसाठी आमच्याकडून बाजारभावाविषयी चार शब्द यावेत, अशी चिटणीस मंडळींची अपेक्षा असणार. आम्ही वैद्य नव्हे, शिक्षण मॅट्रिकपर्यंतचे. परंतु दंतवैद्यांच्या खुर्चीत बसून जे उशिरा कळले, ते सभासद बंधू-भगिनींच्या घरी वेळेवर कळावे, एवढ्यासाठी हा विषय घेतला आहे.

आपल्या भाषेत दात ‘किडतो’ असे म्हणतात. त्यावरून दातात खरोखरच किडा शिरतो असा समज पूर्वापार चालत आला. आमच्या लहानपणी रिंगणीच्या बियांची धुरी देऊन दातांतील किडा पाडून दाखविणारे वैदू बाजाराच्या दिवशी येत असत. असा किडा दातात कधीच नसतो. तरीही धान्याच्या व्यापाऱ्यास ही उपमा अगदीच टाकाऊ वाटत नाही. सोंडे लागलेला तांदूळ वरून धड दिसतो. एका बारीक छिद्राखेरीज काही कळत नाही. पण बोटाने दाबला की आत पीठ. दातांचेही तसेच होते. वरचे कवच, ज्याला दंतवल्क म्हणतात, ते शरीरातील सर्वांत कठीण द्रव्य. त्याच्या आतला भाग त्याहून मऊ. कवचाला सुईच्या टोकाएवढे भोक पडले की कीड आत शिरून आडवी पसरते. वरून छिद्र लहान, आत पोकळी मोठी. एके दिवशी भाकरीचा तुकडा चावताना कवच ढासळते आणि आपण म्हणतो, दात अचानक तुटला.

हे काम करणारे जंतू डोळ्यांना दिसत नाहीत. दातांवर जो चिकट थर साचतो, त्यात त्यांची वस्ती असते. आपण साखर, गूळ, बिस्किट काहीही खाल्ले की ते त्यावर जगतात व आम्ल सोडतात, आणि त्या आम्लाने कवचातील खनिजे विरघळू लागतात. लाळ हे आम्ल हळूहळू मारते व गेलेली खनिजे काही प्रमाणात परत भरते; यास साधारण अर्धा ते एक तास लागतो. थोडक्यात, दातांची खातेवही दिवसभर चालू असते. खाणे झाले की नावे पडते, तोंड रिकामे राहिले की जमा होते. नावेची बाजू सतत वाढत राहिली म्हणजे खाते बुडाले.

येथेच आमची मोठी चूक होत होती. आम्ही समजत होतो की किती गोड खाल्ले हाच प्रश्न आहे. खरा प्रश्न किती वेळा खाल्ले हा आहे. स्वीडनमधील लुंड शहरात व्हिपेहोल्म नावाच्या संस्थेत १९४५ पासून काही वर्षे याविषयी प्रयोग झाले व त्यांचे निष्कर्ष १९५४ मध्ये प्रसिद्ध झाले. जेवणाबरोबर साखर खाणाऱ्यांच्या दातांची हानी थोडी झाली; जेवणांच्या मध्ये चिकट टॉफी खाणाऱ्यांची फार झाली. बौद्धिकदृष्ट्या दुर्बल व असहाय रुग्णांवर त्यांच्या संमतीवाचून केलेला हा प्रयोग होता, आणि त्याची निंदा झाली ती योग्यच होय. परंतु त्यातून कळलेली गोष्ट खोटी नाही.

आता पेढीवरचा आपला दिवस पाहा. सकाळी गुमास्त्यांबरोबर चहा, दलाल आला की चहा, लॉरी लागली की चहा, उधारी वसूल झाली तर आनंदाने आणि न झाली तर दुःखाने चहा. अर्धा अर्धा कप असा आठ वेळा घेतला आणि प्रत्येक वेळी अर्धा तास नावे धरला, तर चार तास झाले. मध्ये बडीशेप-खडीसाखर, कोणी आणलेला कुंदा, एखादी सुपारी. जेवणाच्या पानावर बसून दोन पेढे जास्त खाणारा गृहस्थ या दृष्टीने आमच्यापेक्षा शहाणा.

आमच्या उजव्या दाढेने पहिली कळ दिली तेव्हा लवंगेच्या तेलाचा बोळा ठेवून निभावले. लवंगेने कळ बधिर होते, कीड थांबत नाही. पंधरा दिवसांनी दुखणे आपोआप थांबले व आम्ही बरे झालो असे समजलो. वस्तुतः दाढेतील शीर मेली होती म्हणून कळ थांबली. वर्षभराने गाल सुजला तेव्हा दाढ काढण्यावाचून गत्यंतर नव्हते. पुढे एकीमागून एक अशा दाढा गेल्या व कवळी आली. हे आमचे आम्ही भोगले. त्याचे फारसे काही नाही.

पण २०२१ च्या दिवाळीत, लक्ष्मीपूजनाच्या आदल्या रात्री, आमच्या पाच वर्षांच्या नातवाचा गाल सुजून डोळ्यापर्यंत आला. अंगात ताप, रात्रभर रडणे. दोन महिन्यांपूर्वी सूनबाईंनी त्याच्या दाढेतील काळा खड्डा दाखवून विचारले होते, ‘‘मामा, डॉक्टरांना दाखवावे का?’’ आम्ही म्हणालो होतो, ‘‘दुधाचे दात ते. पडणारच आहेत. कशाला पैसे घालवता?’’ तो रोज संध्याकाळी पेढीवर येऊन आमच्या मांडीवर बसे, आणि गल्ल्याशेजारच्या खणात त्याच्यासाठी आम्ही चिक्की व पेपरमिंटच्या गोळ्या ठेवीत असू. वहीपूजन मुलाने एकट्याने केले. आम्ही दवाखान्याच्या बाकावर होतो. दंतवैद्यबाईंनी पू काढला, औषध दिले व पुढे ती दाढ काढली. त्यांनी आम्हांस एकच गोष्ट सांगितली, रागावून नव्हे. ही दाढ दहा-अकरा वर्षांपर्यंत राहावयाची होती. खाली येणाऱ्या पक्क्या दाताची जागा तीच धरून ठेवते. ती अकाली गेली की शेजारचे दात सरकतात व पक्के दात वेडेवाकडे येतात. म्हणून त्याच्या तोंडात जागा राखणारी तारेची कडी बसविली. खणातील चिक्कीचा उल्लेख घरात कोणी केला नाही.

मुलांच्या बाबतीत दुसरी एक फसवणूक होते. सहाव्या वर्षाच्या सुमारास, दुधाच्या दाढांच्या मागे, कोणताही दात न पडता एक नवी दाढ उगवते. आई-बापांना तीही दुधाचीच वाटते. ती पक्की, आयुष्यभराची असते, आणि तिच्या वरच्या खोल खाचांत कीड सर्वांत आधी धरते. त्या खाचा वेळीच लेप देऊन बुजविता येतात. त्यास सुई लागत नाही. तान्ह्या मुलास साखरेच्या दुधाची बाटली तोंडात देऊन झोपविणे तर पूर्णपणे सोडावे. झोपेत लाळ कमी होते व समोरचे दात काळे पडतात.

दात घासण्याविषयी थोडे. सकाळच्या घासण्यापेक्षा रात्रीचे, शेवटच्या खाण्यानंतरचे, अधिक महत्त्वाचे. आपल्यापैकी जे चौविहार पाळतात, त्यांनी सूर्यास्तापूर्वीच्या भोजनानंतर लगेच घासून घ्यावे; मग सकाळपर्यंत तोंडात काही जातच नाही. पूर्वजांनी व्रत घेतले ते जीवदयेसाठी. दातांना बारा तासांची विश्रांती मिळते हा वरचा लाभ. पण रात्री दहाला कपाटातून बिस्किट काढणाऱ्यांना तो मिळणार नाही. राखुंडीने वा विटेच्या पुडीने घासू नये, कवच झिजते. मिश्री तर दातांचे औषधच नव्हे, ती तंबाखू आहे. दंतमंजनात तंबाखू घालण्यास सरकारने १९९२ मध्ये बंदी केली, तरी घरी भाजलेली मिश्री अद्याप सुटलेली नाही.

टूथपेस्टमध्ये फ्लोराइड असावे. हैदराबादकडील आमचे व्याही याला विरोध करीत; नलगोंडा जिल्ह्यात पाण्यातील जादा फ्लोराइडने दातांवर डाग पडलेली व हाडे वाकलेली माणसे त्यांनी पाहिली आहेत. त्यांचे भय खोटे नाही. ज्या विहिरीच्या पाण्यात ते अधिक आहे तेथे पाणी तपासून घ्यावेच. परंतु वर्षानुवर्षे पिणे निराळे आणि दातांना लावून थुंकणे निराळे. माप आमच्या धंद्यातले आहे म्हणून लक्षात राहिले: तीन वर्षांच्या आत तांदळाच्या दाण्याएवढी, पुढे सहा वर्षांपर्यंत वाटाण्याएवढी. घासून झाल्यावर फेस थुंकावा, पण पाण्याने खळखळून चुळा भरू नयेत, नाहीतर लावलेले सारे धुऊन जाते. सात-आठ वर्षांपर्यंत मोठ्यांनीच मुलांचे दात घासून द्यावेत.

आमच्या वयाच्या मंडळींना वाटते की कीड हा मुलांचा रोग. हिरड्या खाली सरकल्या की दातांची मुळे उघडी पडतात, आणि मुळांवर ते कठीण कवच नसते. रक्तदाबाच्या काही औषधांनी तोंड कोरडे पडते, मधुमेहानेही पडते. लाळ आटली म्हणजे जमेची बाजू आटली. वर्षातून एकदा तरी, दुखत नसताना, दात दाखवून यावे. कवचावर नुसता खडूसारखा पांढरा डाग असतो तोवर तो फ्लोराइडच्या लेपाने थांबविता येतो. भोक पडल्यावर ते बुजविण्याचा खर्च, शिरेपर्यंत गेल्यावर रूट कॅनालचा खर्च, आणि नंतर कवळीचा. हे तिन्ही आकडे आमच्या वहीत आहेत.

खणात आता फुटाणे असतात. पेढीवरचा चहा दोन वेळा, तोही भोजनालगत. बाकी वेळी येणाऱ्यास पाणी. एक-दोन दलाल आमच्यावर कृपण म्हणून हसतात. नातवाची सहाव्या वर्षाची दाढ आली तेव्हा लेप देऊन घेतला. परवा नव्या शाळूचा नमुना आला असता त्याने आम्हांस न विचारता दोन दाणे उचलले, दाढेखाली फोडले आणि म्हणाला, ‘‘आजोबा, अजून ओला आहे.’’ यंत्र लावून पाहिले. ओलाच होता.